न्यू सफोक येथील हॉलंड कंपनीचें पाणबुडी-ठाणें (इ. स. १८९९–१९०५)

१. प्रश्नाचें स्वरूप

अमेरिकेच्या न्यूयॉर्क संस्थानांत लाँग आयलंड नांवाचें जें लांबट बेट आहे, त्याचें पूर्वेकडील टोंक माशाच्या शेपटीप्रमाणें दुभंगलेलें आहे. त्या दोन फांट्यांमध्यें पिकॉनिक उपसागराचें पाणी शिरलें असून, उत्तरेकडील फांट्याच्या आंतल्या कांठावर न्यू सफोक हें लहानसें गांव वसलें आहे. या गांवच्या किनाऱ्यावर एक स्मृतिफलक आहे. इ. स. १८९९ पासून १९०५ पर्यंत या ठिकाणीं हॉलंड टॉर्पेडो बोट कंपनीचें ठाणें होतें, व तें पाणबुड्यांचें पहिलें ठाणें होय, असा त्या फलकाचा आशय आहे.

आपल्या गांवाच्या पूर्ववैभवाचा अभिमान गांवकऱ्यांनीं बाळगावा हें योग्यच आहे. तथापि स्मृतिफलक म्हणजे कांहीं ताम्रपट नव्हे. आणि ताम्रपटसुद्धां आपण पारखून घेतल्यावांचून स्वीकारीत नाहीं. म्हणून या लेखांत दोन प्रश्नांचा विचार करण्याचें योजिलें आहे. पहिला प्रश्न असा कीं, हें ठाणें खरोखर ‘पहिलें’ व खरोखर ‘आरमारी’ होतें काय. दुसरा असा कीं, त्या सहा वर्षांत तेथें प्रत्यक्ष काय घडलें व त्याचें महत्त्व कशांत आहे. आमचें मत आरंभींच सांगून ठेवतों. पहिल्या प्रश्नाचें उत्तर बऱ्याच अंशीं नकारार्थी द्यावें लागतें. परंतु दुसऱ्या प्रश्नाचा विचार केला असतां या गांवाचा मान फलकावर लिहिला आहे त्याहून कमी न ठरतां वेगळ्या प्रकारचा, व आमच्या मतें अधिक मोलाचा ठरतो.

२. पूर्ववृत्त

या ठाण्याशीं ज्याचें नांव जोडलें गेलें तो जॉन फिलिप हॉलंड मूळचा आयर्लंडांतील क्लेअर परगण्याच्या लिस्कॅनर गांवचा. तरुणपणीं तो ख्रिस्ती बंधुसंघाच्या शाळांतून शिक्षकाचें काम करीत असे. इ. स. १८७३ मध्यें तो अमेरिकेस गेला आणि न्यू जर्सींतील पॅटरसन येथें त्यानें पुन्हां शिक्षकाचाच पेशा पत्करला. १८७८ सालीं पसेइक नदींत त्याची पहिली लहान बोट उतरली. १८८१ सालीं पाण्यांत गेलेली ‘फेनियन रॅम’ ही बोट तर आयरिश क्रांतिकारकांच्या वर्गणींतून बांधली गेली होती. इंग्रजांच्या आरमारावर पाण्याखालून घाला घालावा हा तिच्या मागील हेतु होता. पुढें वीस वर्षांनीं त्याच इंग्रज आरमारानें हॉलंडच्याच आराखड्यावरून आपली पहिली पाणबुडी बांधविली, हा इतिहासांतील चमत्कारिक योगायोगांपैकीं एक होय.

अमेरिकन सरकारानें १८९५ सालीं हॉलंडच्या कंपनीस पाणबुडीचें काम दिलें खरें. पण बोटीच्या रचनेसंबंधीं आरमारखात्यानें स्वतःच्या अटी घातल्या. त्या अटींप्रमाणें बांधलेली ‘प्लंजर’ ही बोट वाफेच्या यंत्रानें चालावयाची होती. बंद पोलादी पिंपांत वाफेचें यंत्र ठेवल्यावर आंत जो उष्मा होतो तो माणसांना सोसण्यासारखा नव्हता, व ती बोट फुकट गेली. तिचें काम चालूं असतांनाच हॉलंडनें कंपनीच्या खर्चानें, स्वतःच्या बुद्धीप्रमाणें, दुसरी बोट बांधावयास घेतली. न्यू जर्सींतील एलिझाबेथ येथल्या क्रेसेंट गोदींत १७ मे १८९७ रोजीं ती पाण्यांत उतरली. हीच पुढें ‘हॉलंड’ या नांवानें प्रसिद्ध झाली.

त्या वर्षाच्या ऑक्टोबर महिन्यांत एक अपघात झाला. कोणीतरी एक झडप उघडी टाकली, व धक्क्याशीं बांधलेली बोट रात्रींतून बुडाली. बोट वर काढली. पण खाऱ्या पाण्यानें तिच्या विद्युद्यंत्रांचा नाश झाल्यासारखें दिसलें. यंत्रें पुरविणाऱ्या फिलाडेल्फियाच्या इलेक्ट्रो-डायनॅमिक कंपनीनें आपला एक वीजतंत्री पाठविला. त्यानें यंत्रांतून उलट्या दिशेनें विजेचा प्रवाह सोडून आंतल्या आंत उष्णता उत्पन्न केली व तीं सुकवून पुन्हां चालतीं केलीं. हा गृहस्थ फ्रँक केबल होय. या कामाकरितां आलेला केबल पुढें पाणबुडीच्याच धंद्यांत राहिला, व न्यू सफोकच्या हकीकतींत हॉलंडच्या खालोखाल, किंबहुना कांहीं बाबतींत हॉलंडच्याही पुढें, त्याचें नांव घ्यावें लागतें.

१७ मार्च १८९८ रोजीं, म्हणजे आयरिश लोकांच्या सेंट पॅट्रिकच्या सणादिवशीं, स्टेटन आयलंडजवळ या बोटीनें यशस्वी बुडी मारली. तेव्हां आरमारखात्याचा दुय्यम चिटणीस असलेला थिओडोर रूझवेल्ट यानें पुढच्याच महिन्यांत ती विकत घ्यावी अशी शिफारस केली. परंतु आरमाराच्या मंडळासमोर नोव्हेंबरमध्यें झालेल्या परीक्षेंत बोट सरळ रेषेंत चालविणें कठीण जातें असें दिसून आलें. सुकाणूं पंख्याच्या पुढें बसविलें होतें, हा दोष. येत्या हिंवाळ्यांत पिछाडीची रचना बदलून सुकाणूं पंख्याच्या मागें नेण्यांत आलें. याच सुमारास, फेब्रुवारी १८९९ मध्यें, बॅटऱ्यांच्या धंद्यांतील भांडवलदार आयझॅक राइस यानें इलेक्ट्रिक बोट कंपनी स्थापून हॉलंडची कंपनी तिच्या पोटांत घेतली. आतां पैसा होता, सुधारलेली बोट होती. उणीव होती ती निवांत पाण्याची.

३. जागेची निवड

न्यूयॉर्कचें बंदर या कामास सर्वथा गैरसोईचें होतें. तेथें आगबोटींची अहोरात्र वर्दळ असावयाची. पाण्याखालून येणाऱ्या बोटीस वर काय आहे तें दिसत नसे, आणि वरच्या जहाजांस खालची बोट दिसत नसे. शिवाय बघ्यांची व वृत्तपत्रांच्या बातमीदारांची गर्दी होई, व प्रत्येक किरकोळ बिघाडाची दुसऱ्या दिवशीं जाहीर वाच्यता होई.

पिकॉनिक उपसागर हा चोहोंबाजूंनीं जमिनीनें वेढलेला असल्यामुळें तेथें महासागराच्या लाटा पोंचत नाहींत. मोठ्या जहाजांचा तो मार्ग नव्हे. पाणी इतकेंच खोल कीं बोट तळाला टेकली तरी ती काढतां यावी. न्यू सफोक येथें गोल्डस्मिथ व टट्हिल यांचा धक्का व लहान गोदी होती. ती कंपनीनें आपल्या कामासाठीं घेतली. १८९९ सालीं बोट तेथें आणली गेली, आणि समोरच्या लिट्ल पिकॉनिक उपसागरांत सुमारें तीन मैलांचा मार्ग आंखून त्यावर खुणा रोवण्यांत आल्या. या आंखलेल्या मार्गाचें महत्त्व विशेष आहे. तोंपर्यंत पाणबुडीची परीक्षा म्हणजे ती बुडते व वर येते एवढें पाहणें. ठराविक अंतर, ठराविक खोली, ठराविक वेळ यांच्या मापानें तीच बुडी पुनःपुन्हां मारून, दर वेळीं काय फरक पडला याची नोंद घेणें, ही पद्धत येथें नित्याची झाली.

४. शिकावयाचें काय होतें?

आतां वाचकांस अशी शंका येईल कीं, बोट तयार झाली होती, ती बुडतही होती. मग एवढ्या सरावाची गरज काय? याचें उत्तर देण्यासाठीं बोटीची घडण थोडक्यांत सांगितली पाहिजे.

‘हॉलंड’ची लांबी सुमारें ५४ फूट व मधला व्यास सव्वादहा फूट होता. ती पाण्यावर ६४ टन व पाण्याखालीं ७४ टन भाराची होती. पृष्ठभागावर चालण्यास तिला ४५ अश्वशक्तीचें पेट्रोलचें यंत्र होतें. पाण्याखालीं, जेथें इंधन जाळण्यास हवा पुरत नाहीं तेथें, बॅटरीवर चालणारें विजेचें यंत्र होतें. पेट्रोलच्या यंत्रानेंच बॅटरी पुन्हां भरून घेतां येई. पुढच्या टोंकास टॉर्पेडो सोडण्याची एक नळी होती. हें सर्व सामान आणि सहासात माणसें त्या पिंपांत कोंबलेलीं असत.

बोट बुडविण्यासाठीं तिच्या नीरमाच्या टांक्यांत, म्हणजे वजनासाठीं ठेवलेल्या टांक्यांत, पाणी घेत. पण हॉलंडचें तत्त्व असें होतें कीं, बोट निव्वळ वजनानें खालीं जाऊं द्यावयाची नाहीं. थोडी तरणशक्ति नेहमीं शिल्लक ठेवावयाची, व पिछाडीकडील आडव्या सुकाणूंच्या साहाय्यानें, पुढें चालतां चालतां, नाक खालीं करून तिला पाण्यांत शिरवावयाचें. यंत्र बंद पडलें तर बोट आपोआप वर यावी हा त्यांतील फायदा. तोटा असा कीं, खोली राखणें हें सर्वस्वीं माणसाच्या हातावर अवलंबून राहिलें. आडवें सुकाणूं धरणाऱ्याचा हात किंचित् जड पडला कीं बोट तळाकडे धांवे. हलका पडला कीं पृष्ठभागावर उसळे. आंतील एका माणसानें जागा बदलली तरी तोल बदले. टॉर्पेडो सुटल्याबरोबर पुढचें टोंक हलकें होई, व त्या क्षणीं तितक्याच वजनाचें पाणी आंत घेतलें नाहीं तर बोट नाक वर करून शत्रूस दिसे.

दिसण्याचा प्रश्न याहून बिकट होता. या बोटीस पेरिस्कोप नव्हता. बाहेर पाहावयाचें झाल्यास बोट क्षणभर वर आणून टेहळणीच्या बुरुजाच्या लहानशा कांचांतून पाहावें, दिशा ठरवावी व लगेच पुन्हां खालीं जावें, असा प्रकार होता. शिंशुक मासा श्वासासाठीं जसा वर येतो तशी ही चाल. मधल्या वेळांत होकायंत्रावर भरंवसा. पण पोलादी कवच व विजेचीं यंत्रें यांच्या सान्निध्यांत होकायंत्रही सरळ बोलत नसे.

तिसरें संकट हवेचें. पेट्रोलची वाफ माणसास झिंग आणते व ठिणगी मिळतांच पेट घेते. यंत्राच्या धुरांत कार्बन मोनॉक्साइड नांवाचा जो वायु असतो त्यास वास नाहीं, रंग नाहीं. तो माणसास नकळत बेशुद्ध करतो. बॅटरी भरतांना स्फोटक हायड्रोजन सुटतो. बॅटरींत समुद्राचें पाणी शिरल्यास विषारी क्लोरीन उत्पन्न होतो. या शत्रूंशीं गांठ घालण्याचें शास्त्र त्या काळीं कोणत्याही पुस्तकांत लिहिलेलें नव्हतें. तें बोटींत बसूनच शिकावयाचें होतें.

५. इ. स. १८९९ ची हकीकत

फ्रँक केबल हा या सरावांत बोटीचा कप्तान होता. वीजतंत्री म्हणून आलेला हा मनुष्य एव्हांना बोट चालविण्यांत इतका तरबेज झाला कीं, खुद्द हॉलंडहून त्याच्या हातीं बोट अधिक सुखरूप आहे असें कंपनीस वाटूं लागलें. शोधक व चालक या दोन भूमिका येथें प्रथमच निराळ्या झाल्या. कल्पना एकाची, हात दुसऱ्याचा. आणि बोटीचें यश हातावर ठरावयाचें होतें.

त्या उन्हाळ्यांत अनेक प्रतिष्ठित पाहुणे येऊन गेले. त्यांत अमेरिकन रेड क्रॉसची संस्थापिका क्लारा बार्टन ही होती. ती बोटींत बसून गेली, पण असलें भयंकर युद्धसाधन निर्माण केल्याबद्दल तिनें हॉलंडला बोल लावला. अशा शस्त्राच्या धाकानेंच राष्ट्रें युद्धापासून परावृत्त होतील, असें हॉलंडनें उत्तर दिलें. जखमी सैनिकांची शुश्रूषा करण्यांत जिनें आयुष्य घालविलें तिची शंका खरी कीं शस्त्र घडविणाऱ्याचा विश्वास खरा, याचा निर्णय पुढच्या पंधरा वर्षांतच लागला. हॉलंड १२ ऑगस्ट १९१४ रोजीं वारला. त्यानंतर सहा आठवडेही झाले नव्हते, तोंच २२ सप्टेंबर रोजीं एका जर्मन पाणबुडीनें इंग्रजांच्या ‘अबूकीर’, ‘होग’ व ‘क्रेसी’ या तीन क्रूझरांना एका सकाळींत जलसमाधि दिली.

ऑक्टोबर १८९९ मधील प्रसंग मात्र सर्वांत उद्बोधक आहे. बोट पृष्ठभागावरून धक्क्याकडे परत येत होती. यंत्राच्या धुराची नळी गळत होती, व तो धूर आंत सांचत गेला. आंतील मंडळी एकामागून एक निपचित पडलीं. कोणासही आपणांस कांहीं होत आहे याची जाणीव झाली नाहीं. सुकाणूंवर कोणी नाहीं, यंत्र मात्र चालूंच, अशा स्थितींत बोट येऊन धक्क्यावर आदळली. किनाऱ्यावरील माणसांनीं धांव घेऊन आंतल्यांना ओढून बाहेर काढलें. सुदैवानें सर्व शुद्धीवर आले. हा प्रसंग भर समुद्रांत, किंवा न्यूयॉर्कच्या वर्दळींत, घडला असता तर ‘हॉलंड’चा, व कदाचित् पाणबुडीच्या कल्पनेचाच, अमेरिकेपुरता तरी शेवट झाला असता. निवांत पाणी आणि जवळ हातभर अंतरावर असलेला धक्का यांनीं सहा माणसांचे प्राण वांचविले असें म्हणण्यास हरकत नाहीं. पुढें इंग्रज आरमाराच्या पहिल्या पाणबुड्यांतून पिंजऱ्यांत पांढरे उंदीर ठेवण्याची चाल पडली. वायु दूषित होतांच माणसाच्या आधीं उंदीर कासावीस होई. त्या चालीमागें याच संकटाची धास्ती होती.

यानंतर थोड्याच आठवड्यांनीं, ६ नोव्हेंबर १८९९ रोजीं, आरमाराचें परीक्षक-मंडळ न्यू सफोक येथें आलें. पाण्याखालून नेमलेलें अंतर तोडणें, वर येऊन अंदाज घेणें, टॉर्पेडो सोडणें, वळून पुन्हां बुडी मारून परतणें, हीं सर्व कामें बोटीनें नीट पार पाडलीं. ज्या मंडळाच्या नजरेस एक वर्षापूर्वीं बोट वेडीवांकडी चालतांना पडली होती, त्याच्यासमोर ती आतां आज्ञेंत चालली. या वर्षांत पिछाडीची रचना बदलली होती हें खरें. पण दुसरा मोठा फरक सरावाचा होता, हें विसरतां कामा नये.

६. आरमाराचा प्रवेश

त्या हिंवाळ्यांत बोट वॉशिंग्टनला नेण्यांत आली, व मार्च १९०० मध्यें पोटोमॅक नदींत तिचे प्रयोग मान्यवरांपुढें झाले. ते पाहून मनिलाच्या लढाईचा विजेता अॅडमिरल ड्यूई यानें कायदेमंडळाच्या समितीपुढें असा अभिप्राय दिला कीं, स्पेनकडे अशा दोन बोटी असत्या तर मनिला आपणांस राखतां आली नसती. ११ एप्रिल १९०० रोजीं सरकारानें ‘हॉलंड’ १,५०,००० डॉलरांस विकत घेतली, व १२ ऑक्टोबर रोजीं न्यूपोर्ट येथें ती आरमारांत रीतसर दाखल झाली. तिचा पहिला आरमारी अधिकारी लेफ्टनंट हॅरी काल्डवेल हा पूर्वीं ड्यूईच्याच हाताखालीं होता.

येथें कालक्रमाकडे बारकाईनें पाहिलें पाहिजे. न्यू सफोकच्या पाण्यांत ‘हॉलंड’नें जो काळ काढला तो सारा ती कंपनीच्या मालकीची असतांनाचा. सरकारची झाल्यावर ती न्यूपोर्टला गेली. तेथें १८६९ पासून आरमाराचें टॉर्पेडो-ठाणें होतें, व तेथें कंपनीच्या माणसांनीं काल्डवेलच्या खलाशांस बोट चालविण्यास शिकविलें. सप्टेंबर १९०० मध्यें न्यूपोर्टजवळील आरमारी कवायतींत काल्डवेलनें ‘किअरसार्ज’ या युद्धनौकेजवळ नकळत जाऊन ती ‘बुडविल्या’चा इशारा दिला, तो याच शिक्षणाचा परिणाम. त्यानंतर बोट अॅनॅपोलिसच्या आरमारी विद्यालयाकडे उमेदवारांच्या शिक्षणासाठीं गेली. सारांश, पहिली आरमारी पाणबुडी-शाळा न्यूपोर्ट व अॅनॅपोलिस येथें भरली असें म्हणावें लागतें. पण त्या शाळेचे गुरु न्यू सफोकहून आले होते.

७. ठाण्याचीं भरभराटीचीं वर्षें

सरकारानें आणखी सात बोटींची मागणी केल्यावर न्यू सफोकचें काम वाढलें. या वर्गाचा नमुना म्हणून कंपनीनें ‘फुल्टन’ ही बोट १९०१ सालीं स्वतःकरितां बांधली. त्या वर्षाच्या नोव्हेंबर महिन्यांत तिनें केलेला प्रयोग त्या काळीं फार गाजला. केबल व त्याचे खलाशी, आणि आरमारातर्फे रिअर अॅडमिरल जॉन लो व लेफ्टनंट आर्थर मॅकार्थर, हे बोटींत बसले, व बोट रात्रभर, सुमारें पंधरा तास, उपसागराच्या तळाशीं ठेवण्यांत आली. त्या रात्रीं वर मोठें वादळ झालें. सकाळीं वर येईपर्यंत आंतील मंडळींना त्याची वार्ताही नव्हती. बंद बोटींत माणूस किती वेळ सुखरूप राहूं शकतो, याविषयीं त्या वेळीं लोकांत व जाणत्यांतही मोठी धास्ती होती. ती एका रात्रींत पुष्कळशी दूर झाली. तथापि धोका संपला होता असें नव्हे. याच ‘फुल्टन’वर १९०२ सालीं डेलावेअरच्या बंधाऱ्याजवळ बॅटरीच्या वायूचा स्फोट होऊन माणसें जखमी झालीं.

सात बोटींपैकीं ‘ग्रँपस’ व ‘पाइक’ या दोन पश्चिम किनाऱ्यावर, सान फ्रान्सिस्को येथें बांधल्या गेल्या व तिकडेच आरमारांत दाखल झाल्या. उरलेल्या पांच न्यू सफोकच्या आहेत. ‘अॅडर’ व ‘मोकॅसिन’ या जानेवारी १९०३ मध्यें, आणि नवी ‘प्लंजर’, ‘पॉर्पस’ व ‘शार्क’ या तिन्ही १९ सप्टेंबर १९०३ या एकाच दिवशीं आरमारांत दाखल झाल्या. ‘प्लंजर’ पुढें न्यूपोर्टच्या ठाण्याकडे नेमली गेली, तरी १९०४ सालीं मार्चपासून नोव्हेंबरपर्यंत दुरुस्तीसाठीं ती न्यू सफोकलाच होती. याच ‘प्लंजर’मध्यें ऑगस्ट १९०५ मध्यें अध्यक्ष रूझवेल्ट यानें ऑयस्टर बे येथें बुडी मारली. आंतील खलाशांचें जिणें डोळ्यांनीं पाहिल्यावर त्यांना अधिक वेतन मिळावें अशी व्यवस्था त्यानें केली. तोंवर पाणबुडींतील नोकरी ही हिशेबाच्या दृष्टीनें बंदरांतील साध्या नोकरीच्या बरोबरीची धरली जात असे.

१९०५ सालीं कंपनीनें आपलें ठाणें हालविलें. नव्या बोटी मॅसॅच्युसेट्समधील क्विन्सी येथल्या फोर रिव्हर गोदींत बांधल्या जाऊं लागल्या होत्या, व चांचणीचें ठिकाण बांधणीच्या ठिकाणाजवळ असणें सोईचें होतें. स्वतः हॉलंड त्यापूर्वींच, मार्च १९०४ मध्यें, कंपनी सोडून गेला होता. त्याचे हक्क कंपनीकडे राहिले व त्याचें नांव बोटींवर राहिलें. पहिली ‘हॉलंड’ १९१३ मध्यें केवळ शंभर डॉलरांस मोडींत विकली गेली.

८. विद्येचा प्रसार

न्यू सफोकला तयार झालेली विद्या तेथेंच राहिली नाहीं. इंग्रज आरमाराची पहिली बोट ‘हॉलंड नं. १’ ऑक्टोबर १९०१ मध्यें बॅरो येथें पाण्यांत उतरल्यावर तिच्या चांचण्या घेण्यास व खलाशांस शिकविण्यास केबल व त्याची माणसें अमेरिकेहून गेलीं. इंग्रजांच्या पाणबुड्यांचें मुख्य ठाणें पुढें पोर्ट्समथच्या समोर गॉस्पोर्ट येथील फोर्ट ब्लॉकहाउसमध्यें झालें. रशिया व जपान यांचें युद्ध १९०४ सालीं जुंपलें तेव्हां ‘फुल्टन’ रशियाला विकली जाऊन ‘सोम’ या नांवानें बाल्टिक समुद्रांत गेली. आणि त्याच वर्षीं याच कंपनीनें पांच बोटी सुट्या भागांच्या रूपानें जपानला पाठविल्या. एकाच गुरूचे दोन शिष्य परस्परांविरुद्ध उभे राहावे असा हा प्रकार झाला असता. पण युद्ध संपेपर्यंत जपानी बोटी कामास आल्या नाहींत.

बोट विकत घेतां येते, आराखडा नेतां येतो. हाताची संवय मात्र दर वेळीं नव्यानें लावावी लागते, व तिची किंमत पुष्कळदां प्राणांनीं द्यावी लागते. मार्च १९०४ मध्यें इंग्रजांची ‘ए-१’ ही बोट पाण्याखालीं असतांना एका प्रवासी आगबोटीची धडक बसून आंतील सर्व ११ माणसांसह बुडाली. १५ एप्रिल १९१० रोजीं हिरोशिमाच्या उपसागरांत जपानची ‘नं. ६’ ही, हॉलंडच्याच धर्तीवर कोबे येथें बांधलेली बोट, पेट्रोल-यंत्र चालूं ठेवून अर्धवट बुडी घेत असतां हवेच्या नळीची झडप वेळेवर बंद न झाल्यामुळें तळाला गेली. तिचा अधिकारी साकुमा यानें हवा संपत असतां अपघाताचें कारण कागदावर लिहून ठेवलें, पुढील बोटींस तें उपयोगीं पडावें म्हणून. बोट वर काढली तेव्हां आंतील चौदाही माणसें आपापल्या कामाच्या जागीं आढळलीं. न्यू सफोकचा ऑक्टोबर १८९९ मधील प्रसंग व हा प्रसंग शेजारीं ठेवून पाहावा. संकटाचें मूळ तेंच. पण एका ठिकाणीं धक्का जवळ होता, दुसऱ्या ठिकाणीं नव्हता.

९. निर्णय

आतां फलकावरील शब्दांकडे वळूं. ‘पहिलें’ हा शब्द साऱ्या जगाच्या हिशेबानें टिकत नाहीं. फ्रेंच आरमाराची ‘जिम्नोत’ ही पाणबुडी १८८८ पासून तूलाँ बंदरांत होती. न्यू सफोकच्या आधीं अकरा वर्षें. अमेरिकेपुरतें बोलावयाचें तरी यादवी युद्धांत दक्षिणेच्या पक्षाची ‘हन्ली’ ही हातानें चालविण्याची बोट चार्ल्स्टन येथें १८६३–६४ मध्यें होती, हें ध्यानांत ठेवावें लागतें. अमेरिकन आरमाराच्या अखंड चालत आलेल्या पाणबुडी-परंपरेचा आरंभ, इतक्याच मर्यादित अर्थानें ‘पहिलें’ म्हणतां येईल.

‘आरमारी ठाणें’ हा शब्दप्रयोगही शिथिल आहे. जागा कंपनीची, पगारी माणसें कंपनीचीं, खर्च कंपनीचा. आरमाराचे अधिकारी तेथें परीक्षक म्हणून, पाहुणे म्हणून व शेवटीं बोटी ताब्यांत घेणारे म्हणून येत. अमेरिकन आरमाराचें खरें पाणबुडी-ठाणें कनेक्टिकटमधील न्यू लंडनजवळ ग्रोटन येथें १९१६ सालीं झालें. तसेंच, या वर्गाच्या साऱ्याच बोटी न्यू सफोकला होत्या असें कोणी सांगेल, तर त्यांतून पश्चिम किनाऱ्यावरील दोन वगळल्या पाहिजेत.

एवढें वजा केल्यावर जें उरतें तें आमच्या मतें थोडें नाहीं. पाणबुडीचा शोध हॉलंडनें लावला असें ग्रंथांतून लिहिलें जातें, व आरमारानें ती अमुक दिवशीं घेतली अशी तारीख दिली जाते. या दोन नोंदींच्या मध्यें जें घडलें त्यास इतिहासांत सहसा रकाना नसतो. शोध व शस्त्र यांच्या मध्यें एक तिसरी अवस्था असते. यंत्र तेंच राहतें, पण तें चालविणारा हात तयार होतो. अपघात होतात, त्यांचीं कारणें समजतात, व समजलेलें दुसऱ्यास शिकवितां येईल असें नियमांत बसतें. न्यू सफोक ही त्या तिसऱ्या अवस्थेची जागा होय. तिला किल्ला किंवा छावणी न म्हणतां तालीमखाना म्हणावें, व तेथील मुख्य पुरुष म्हणून शोधकाबरोबर फ्रँक केबल व त्याच्यासवें धुरानें बेशुद्ध पडलेले खलाशी यांची गणना व्हावी, असें आम्हांस वाटतें.

या परंपरेचा एक धागा आपल्याकडेही येऊन पोंचला आहे. स्वतंत्र भारताच्या आरमारानें पाणबुड्या घेण्याचें ठरविलें तेव्हां, १९६० नंतरच्या वर्षांत, आपले पहिले अधिकारी इंग्रज आरमाराकडे शिकावयास गेले; म्हणजे केबलनें ज्या आरमारास पहिला धडा दिला त्याच्याच दाराशीं. पुढें बोटी मात्र सोव्हिएत रशियाकडून आल्या, व ‘कलवरी’ ही पहिली भारतीय पाणबुडी ८ डिसेंबर १९६७ रोजीं दाखल झाली. विशाखापट्टणम् येथें ‘सातवाहन’ हें शिक्षणाचें ठाणें झालें, आणि मुंबईच्या माझगांव गोदींत बांधलेली ‘शाल्की’ १९९२ सालीं आरमारांत आली. माझगांवच्या धक्क्यावरून नवी बोट चांचणीस निघतांना जो पाहतो त्यानें, सव्वाशें वर्षांपूर्वीं पिकॉनिकच्या उथळ पाण्यांत खुणेचे खांब रोवणाऱ्या माणसांची आठवण ठेवावी. फलकावरील शब्द चुकीचे असले तरी तो ज्या जागीं उभा आहे ती जागा बरोबर आहे.